भेटीची मात्रा

हन्ना वाघचौरेचा खरा झगडा 'साधारणपणे' या एका शब्दाशी होता.

परिचारिकांसाठी औषधांचा जो संदर्भग्रंथ राज्यभर वापरला जाई, त्याची ती संपादक. बरीच वर्षं वॉर्डात काढल्यावर ती मिरजेतल्या त्या छोट्याशा कार्यालयात आली होती, आणि तेव्हापासून पानोपानी हा शब्द तिला आडवा येत होता. या औषधाची मात्रा प्रौढांसाठी साधारणपणे इतकी. परिणाम साधारणपणे इतक्या वेळाने. वॉर्डात असताना तिने हजारो माणसांना गोळ्या-इंजेक्शनं दिली होती, पण हा साधारण माणूस तिला एकाही खाटेवर भेटला नव्हता. एखाद्या काटकुळ्या म्हातारीला निम्म्या गोळीने गुंगी येई, आणि शेजारच्या खाटेवरची दुसरी तशीच म्हातारी पूर्ण गोळी घेऊन टक्क जागी राही. ग्रंथाला दोघी सारख्याच.

ग्रंथाचं नाव लांबलचक होतं. सिस्टर्स त्याला नुसतं 'संदर्भ' म्हणत. कुठलं औषध कशात मिसळायचं, किती सावकाश द्यायचं, दिल्यावर रुग्णाच्या चेहऱ्याकडे, नखांकडे, श्वासाकडे काय बघायचं आणि काय दिसलं की हात थांबवून डॉक्टरांना बोलवायचं, हे सगळं त्यात. पहिल्या पानावर मोठ्या अक्षरांत प्रत्येक सिस्टरला पाठ असलेले ते पाच नियम: योग्य रुग्ण, योग्य औषध, योग्य मात्रा, योग्य मार्ग, योग्य वेळ. पुढे छापील ग्रंथ गेला, त्याच्या जागी टॅबलेट आला, तरी ते पान तसंच राहिलं.

मग टिकली आली.

तिचं शास्त्रीय नाव वेगळं होतं, पण कपाळावरच्या टिकलीएवढी ती चकती बघून सिस्टर्सनी पहिल्याच दिवशी तिचं बारसं करून टाकलं. ती रुग्णाच्या दंडावर चिकटवायची. आतल्या बाजूला केसाहून बारीक सुया, इतक्या आखूड की त्या दुखणाऱ्या नसांपर्यंत पोचतच नसत. त्या त्वचेखालच्या ओलाव्यात बुडलेल्या असत, आणि त्यांच्या टोकांवर औषधाचे कण ओळखणारे रेणू बसवलेले असत. औषध अंगात किती आहे, हे टिकली मिनिटामिनिटाला सांगे. टॅबलेटवर त्याची एक रेषा उमटे. मध्ये हिरवा पट्टा, म्हणजे औषध काम करतंय. खाली पिवळा, म्हणजे कमी पडतंय. वर लाल, म्हणजे आता तेच औषध विष होऊ लागलंय.

हन्नाने पहिल्यांदा ती रेषा पाहिली ती एका बाळंतिणीची. वेदनाशामक गोळी तिने गिळली होती आणि रेषा हळूहळू वर येत होती, पहाटे डोंगराची कड उजळावी तशी. रेषा हिरव्यात शिरली तेव्हा तिकडे खाटेवर त्या बाईच्या कपाळावरची आठी विरली. हन्ना टॅबलेटकडे आणि तिच्या कपाळाकडे आळीपाळीने बघत राहिली. आजवर तिने दिलेलं प्रत्येक औषध ओठांच्या आड गेलं की दिसेनासं होई, पुढचं सगळं भरवशावर. आता ते कुठे जातं, कुठे रेंगाळतं, कसं ओसरतं, ते दिसत होतं. आपण हात जोडून उभ्या आहोत हे तिच्या ध्यानात आलं, तेव्हा तिने ते पटकन एप्रनच्या खिशात घातले.

वर्षा-दोन वर्षांत राज्यातल्या बहुतेक सार्वजनिक रुग्णालयांत टिकल्या लागल्या. सगळ्या रेषा 'संदर्भा'त येऊन मिळत आणि त्यांवरून 'संदर्भ' प्रत्येक रुग्णासाठी वेगळं पान लिहून देई. 'साधारणपणे' हा शब्द पानांवरून गळून गेला. त्या दिवशी हन्नाने कार्यालयात पेढे वाटले.

तरी एक कोडं उरलंच. हन्नाच्या जोडीला औषधशास्त्राचे डॉक्टर इम्तियाज मुजावर होते. मितभाषी माणूस, आकडे बोटांवर नाचवणारा. वजन, वय, जेवण, मूत्रपिंडाची ताकद, सोबतची औषधं हे सगळं जमेस धरूनही रेषा अधूनमधून हिशेबाबाहेर जातात, हे त्यांना खुपत होतं. एकाच माणसात, एकाच मात्रेवर रेषा मधेच चढे किंवा उतरे. कारण सापडेना.

एका सकाळी त्यांनी राज्यातल्या सगळ्या रुग्णांच्या रेषा एकाखाली एक रचल्या आणि त्या दिवसाच्या घड्याळावर पसरून भिंतीएवढ्या पडद्यावर लावल्या. सकाळभर तो पडदा संथ तळ्यासारखा होता. दुपार कलली आणि एका क्षणी सगळं तळं हललं. गोंदियापासून सावंतवाडीपर्यंतच्या हजारो रेषा एकदम थरथरल्या. काही वर उसळल्या, काही खाली विसावल्या. 

मुजावर डॉक्टरांनी चष्मा पुसला. ते म्हणाले, "सिस्टर, यंत्रणेत काही बिघाड दिसतोय. मागचे दिवसही काढून पाहिले, रोज हीच वेळ, तासभर."

हन्नाने घड्याळ पाहिलं.

"बिघाड नाही, डॉक्टर. दारं उघडलीत. भेटायला माणसं आलीत."

 पडद्यावर एक अख्खं राज्य आपल्या माणसांना बघत होतं.

पुढचे काही महिने त्याच्या मागे गेले. कारण तसं सोपं होतं, शाळेच्या पुस्तकात असावं इतकं. माणूस घाबरला, धास्तावला की शरीराला वाटतं आता पळायचंय. मग ते पोटाकडचं, मूत्रपिंडांकडचं रक्त काढून हातापायांकडे धाडतं. मूत्रपिंडं मंदावली की औषध बाहेर पडत नाही, रक्तात साचतं. माणूस निवांत झाला की रक्त परत येतं आणि औषध आपल्या वाटेने निघून जातं. हे इतकी वर्षं कुणाला दिसलं नाही, कारण भेटायला आलेल्या माणसांमुळे जितक्या रेषा चढत तितक्याच उतरत आणि सरासरी काढली की बाकी शून्य येई. सरासरीच्या पोटात हे सगळं गडप झालं होतं.

मुजावर डॉक्टर क्वचितच भारावत, पण तेव्हा भारावले. त्यांचं म्हणणं पडलं की पहिल्या पानावरच्या पाच नियमांत आता सहावा घालायला हवा: योग्य सोबत. कोणामुळे रेषा उतरते, कोणामुळे चढते ते 'संदर्भ' सिस्टरला सांगेल, आणि नाजूक औषध चालू असताना चढवणाऱ्या माणसाला दाराबाहेर थांबवता येईल. हन्नाला ते पटलं. तिने स्वतः त्या पानाचा मसुदा लिहायला घेतला.

तो अर्धा झाला असताना तिची आई आजारी पडली.

सुवार्ताबाई वाघचौरे प्राथमिक शाळेत मराठी शिकवून निवृत्त झालेल्या. ताठ कण्याच्या, शब्दाला शब्द जपून वापरणाऱ्या. हन्नाने लग्न केलं नव्हतं. मायलेकी सगळा जन्म एकत्र राहिल्या होत्या. धाकटा भाऊ दानिएल मस्कतला असायचा. त्याचं आणि त्याच्या बायकोचं, नलिनीचं, पटलं नाही. रीतसर फारकत झाली, आणि तेव्हापासून घरात नलिनीचं नाव निघत नव्हतं. कुणी ठरवलं नव्हतं, पण निघत नव्हतं खरं.

दाढ काढल्याचं निमित्त झालं. बारीक ताप उतरेना, दम लागू लागला आणि तपासणीत दिसलं की जंतूंनी रक्तातून जाऊन हृदयाच्या झडपेवर घर केलंय. जुन्या औषधांना ते जंतू दाद देत नव्हते. नवं एक औषध होतं, ओरिमायसिन. शरीरातून ते इतक्या झटपट निघून जाई की पंपाने थेंबाथेंबाने दिवसरात्र देत राहावं लागे. त्याचा हिरवा पट्टा दोऱ्यासारखा अरुंद होता. खाली गेलं तर जंतू पुन्हा माजणार, वर गेलं तर मूत्रपिंडं कायमची जाणार. 'संदर्भा'तलं त्याचं पान हन्नानेच लिहिलेलं. त्यात 'जपून' हा शब्द तिने तीनदा वापरला होता.

तिने रजा घेतली आणि आईच्या खाटेशी बसली. कोण काय देतंय, किती देतंय, पंपाची नळी कुठे दुमडली तर नाही, सगळ्यावर तिची नजर. वॉर्डच्या सिस्टर खोत पूर्वी तिच्या हाताखाली शिकलेल्या होत्या. त्यांनी तिला खुर्ची आणून दिली आणि मुभाही दिली. आई काही मागत नसे. कसं वाटतंय विचारलं की म्हणे, बरी आहे.

आणि रेषा लाल पट्ट्यात शिरू लागली. डॉक्टर मात्रा कमी करत, की काही वेळाने रेषा पार पिवळ्यात. वाढवली की पुन्हा लाल. रक्ताच्या तपासणीत मूत्रपिंडांवर ताण दिसायला लागला. वॉर्डचे डॉक्टर गोंधळले. असंच चालू राहिलं तर औषध बंद करावं लागेल, असं त्यांनी हन्नाला बाजूला घेऊन सांगितलं, आणि दुसरं औषध नव्हतं.

एका दुपारी मुजावर डॉक्टर रुग्णालयात आले. आत न येता ते व्हरांड्यात उभे राहिले, टॅबलेट छातीशी धरून. हन्ना बाहेर आली. आधी त्यांनी आईची चौकशी केली, मग मिरजेतल्या उन्हाची. हन्नाने त्यांना इतक्या वर्षांत उगाच बोलताना कधी पाहिलं नव्हतं.

"डॉक्टर, काय ते सांगा," ती म्हणाली.

"मी पुन्हा पुन्हा ताडून पाहिलं, सिस्टर. तुम्ही खाटेशी असता, तेव्हाच रेषा चढते."

हन्नाने आधी संपादकाचे प्रश्न विचारले. टिकली दंडाखाली दबत नाही ना? आपण असतानाच्याच वेळी दुसरं काही औषध दिलं जातं का? डॉक्टरांनी प्रत्येकाचं उत्तर दिलं. प्रश्न संपले. तेव्हा ती म्हणाली की आपण करूनच बघू.

ती आत गेली, आईला म्हणाली जरा जाऊन येते, आणि व्हरांड्याच्या टोकाला पाण्याच्या मशीनपाशी जाऊन टॅबलेट हातात धरून उभी राहिली. काही वेळ रेषा होती तिथेच राहिली. मग ती कलली. सावकाश, एखाद्याने डोक्यावरचा भारा उतरवून ठेवावा तशी खाली आली आणि हिरव्यात येऊन टेकली. भिंतीपलीकडे तिच्या आईची मूत्रपिंडं सुटकेचा निःश्वास टाकत होती. इतकं नितळ, इतकं खरं काही हन्नाने आयुष्यात पाहिलं नव्हतं, आणि ते तिच्याविरुद्ध होतं. तिला रडू आलं नाही. ती त्या रेषेवरून नजर काढू शकत नव्हती, एवढंच.

त्या दिवसापासून तिने आत जाणं थांबवलं. सिस्टर खोतना तिने सांगितलं की आईला म्हणावं, कार्यालयात काम निघालंय. ती व्हरांड्यातल्या बाकावर बसे. मात्रा बसली. पण तिला एक गोष्ट दिसली: भेटीच्या वेळेत, ती बाहेर असूनही, रेषा नुसती हिरव्यात नसे, ती सरळ असे. आखून काढल्यासारखी. त्या तासात पंपाला काही करावंच लागत नसे.

तिने सिस्टर खोतना विचारलं की त्या वेळी आत कोण असतं. सिस्टर खोतना नवल वाटलं. त्या म्हणाल्या, "तुम्ही आत यायचं थांबवल्यापासून तुमच्या वहिनी येतात की. मागच्या दाराने, जिन्यावरून. आम्हाला वाटलं तुम्हाला ठाऊक आहे."

हन्ना दाराच्या काचेपाशी गेली. खाटेच्या कडेवर नलिनी बसली होती, मांडीवर कुणाचं तरी पोलकं घेऊन हूक लावत होती. गावात तिचं शिवणकामाचं दुकान होतं, तेच काम इथे घेऊन आलेली. तोंडाने काहीतरी सांगणं चालू होतं. आणि आई आडवी पडली होती, अंबाडा सुटलेला, एक पाय दुमडलेला, पदर कुठल्या कुठे. नलिनीने काहीतरी म्हटलं आणि आईने तोंड उघडून हसून घेतलं. तिच्या पुढच्या पडलेल्या दाताची फट दिसली. हन्नाने आईला अशी पसरलेली कधी पाहिली नव्हती. तिच्यासमोर आई आजारपणातसुद्धा पाठीला उशी लावून, केस बांधून बसत असे.

वेळ संपल्यावर नलिनी जिन्यावरून उतरली, तर खाली हन्ना उभी. दोघी उपाहारगृहात गेल्या. नलिनीने काही लपवलं नाही. फारकतीनंतरही आई दर आठवड्याला भाजीच्या निमित्ताने तिच्या दुकानात येत, मशीनपाशी पाट घेऊन बसत, काजं करून देत. 'तुम्हाला आवडणार नाही असं त्यांना वाटायचं, ताई,' एवढंच ती म्हणाली. हन्नाने तिला मसुद्याबद्दल, रेषेबद्दल सगळं सांगितलं. नलिनी चहा थंड होईपर्यंत ऐकत राहिली. मग तिने विचारलं, रेषा चढली हे दिसतं, पण ती का चढली ते दिसतं का? 

दोन-तीन दिवस असेच गेले. मग नलिनी निरोप घेऊन आली. आई विचारत होत्या, हन्ना कुठे आहे. कार्यालयाचं कारण त्यांना पटलं नव्हतं, आणि खोटं बोलायला नलिनी तयार नव्हती.

हन्ना आत गेली तेव्हा सुवार्ताबाई उठून बसायला लागल्या. हन्नाने त्यांच्या खांद्यावर हात ठेवून त्यांना पुन्हा आडवं केलं. ते तिला नीट जमलं नाही. खुर्चीत बसताना तिची पंपाकडे पाठ झाली, आणि तिने ती तशीच राहू दिली. तिने आईला सरळच सांगितलं, जसं रुग्णाला सांगावं तसं. टिकली काय मोजते, रेषा कधी चढते, आपण का येत नव्हतो.

"म्हणजे मी आले की तुला माझी भीती वाटते, आई," ती शेवटी म्हणाली. "मी तुला इतका धाक घातलाय, हे मला कळलं नाही."

सुवार्ताबाई छताकडे बघत पडून होत्या. वर्गात एखाद्या मुलाने उत्तर चुकवल्यावर त्या जशा थांबत, तशा थांबल्या.

"प्रत्यय चुकला तुझा," त्या म्हणाल्या. "मला तुझी भीती वाटत नाही गं. तुझ्यासाठी वाटते."



"तू दारातून आत आलीस की माझ्या मनात पहिलं हेच येतं, की मी गेल्यावर हिचं काय. घरी आल्यावर दार कोण उघडणार. हिला ताप आला तर हिच्या उशाशी कोण बसणार. जगाची दुखणी काढलीस, तुझं कोण आहे? आणि हे तुला दिसू नये म्हणून मी ताठ बसते. त्याला किती जोर लागतो, तुझ्या त्या टिकलीला विचार."

"आणि वहिनी आली की?"

"तिच्यासाठी नाही वाटत. ती तिचं बघायला शिकली. शिकावंच लागलं तिला." मग त्या म्हणाल्या, "पण म्हणून तू येऊ नकोस असं कोण म्हणतं? मला काळजी वाटते म्हणून मी तुला बघायचंच नाही का?"

मागे पंपाचा बारीक इशारा वाजू लागला. सिस्टर खोत लगबगीने आल्या. हन्ना उठून बाहेर गेली, कारण जायलाच हवं होतं. व्हरांड्यात ती बाकावर बसली आणि तेव्हा मात्र तिला रडू फुटलं, येणारे-जाणारे बघत असतानासुद्धा.

रडून झाल्यावर तिच्या डोक्यात पहिली गोष्ट आली ती मसुद्याची. सहावा नियम. एखाद्या आईची रेषा लेकीला बघून चढेल, एखाद्या नवऱ्याची बायकोला बघून, आणि राज्यभरच्या वॉर्डांत सिस्टर्स दारात उभ्या राहून म्हणतील, तुम्ही नका येऊ. टॅबलेट दाखवतील. रेषा खोटी नसेल. भय आणि माया, दोन्हींनी रक्त त्याच वाटेने पळतं, मूत्रपिंडं तशीच मंदावतात. शरीराला ही दोन्ही इतकी सारखी असावीत, याने तिला त्या बाकावर बसल्या बसल्या थक्क व्हायला झालं. इतक्या बारीक सुया, इतकी विलक्षण यंत्रणा, आणि तिने दाखवलेलं सगळ्यांत मोठं आश्चर्य हे, की कुणाच्या काळजीने म्हाताऱ्या बाईचं रक्त अजून वळण बदलतं.

आणि मग तिला इतकी साधी गोष्ट सुचली, की आपल्याला एवढा वेळ का लागला याचीच तिला लाज वाटली. ती तशीच कार्यालयात गेली. मुजावर डॉक्टर पडद्यासमोर होते.

"आपण माणसाला बाहेर ठेवत होतो, डॉक्टर," ती म्हणाली. "औषध कमी करायला हवं. भेट चालू असेपर्यंत."

मुजावर डॉक्टरांनी तिच्याकडे पाहिलं, मग कागद ओढला. ओरिमायसिन झटपट निघून जातं, म्हणजे पंप आधी थोडा मंद केला तर भेटीत मूत्रपिंडं रेंगाळली तरी औषध साचणार नाही. माणूस गेल्यावर पंप पुन्हा पहिल्यासारखा. कोण आल्यावर किती मंद करायचा, ते 'संदर्भ' त्या रुग्णाच्या मागच्या रेषांवरून काढू शकेल. त्यांनी आकडे मांडले, खोडले, पुन्हा मांडले आणि मान डोलावली. मसुद्यातलं 'योग्य सोबत' त्यांनी स्वतःच पुसलं. कुणाची सोबत योग्य हे पुस्तकाने सांगायचं नाही, असं ते म्हणाले. त्या जागी हन्नाने जे लिहिलं ते पुढे सगळ्या सिस्टर्सना पाठ झालं: भेट थांबवू नये, मात्रा बदलावी. त्याखाली बारीक अक्षरांत आणखी एक ओळ होती. रेषा कोणामुळे चढली हे नातेवाइकांना सांगू नये, कारण ती का चढली हे रेषेला ठाऊक नसतं.

वॉर्डच्या डॉक्टरांना पटवण्यात एक दिवस गेला. दुसऱ्या दिवशी भेटीच्या वेळेआधी सिस्टर खोतनी पंपाची गती उतरवली, रेषा हिरव्याच्या खालच्या काठाशी आली, आणि त्यांनी हन्नाला आत सोडलं.

नलिनी आधीच येऊन बसली होती. तिने खाटेवरून उठून खुर्ची घेतली, आणि खाटेची कड हन्नासाठी सोडली. सुवार्ताबाईंनी आज अंबाडा घातला नव्हता. हन्ना खाटेच्या कडेवर टेकली, थोडी अवघडून, आणि आईने तिचा हात ओढून आपल्या पोटावर ठेवला.

मग त्या सुरू झाल्या. गॅसची नळी जुनी झालीय ती बदललीस का. रात्रीची जेवतेस की नुसता चहा-बिस्कीट. गुडघा दुखतो म्हणत होतीस तो कुणाला दाखवलास का, का दुसऱ्यांचेच गुडघे बघत बसलीस. माझ्यानंतर त्या घरात एकटी राहू नकोस, नलिनीच्या दुकानावरची खोली रिकामी आहे, तिला विचारून ठेवलंय. हन्नाने चमकून नलिनीकडे पाहिलं. नलिनी सुईत दोरा ओवत होती. तिने मान वर न करता म्हटलं की हो, विचारलंय, खोलीला चांगलं ऊन येतं.

दाराशी सिस्टर खोत आणि मुजावर डॉक्टर टॅबलेटवर वाकून उभे होते. रेषा चढू लागली होती. काठावरून उठली, पट्ट्याच्या मध्यावर आली, आणखी वर सरकली.  हिरव्याच्या वरच्या कडेला ती टेकली, थरथरली आणि तिथेच थांबली.

झडपेवरचं ते जंतूंचं घर पुढे विरघळलं आणि सुवार्ताबाई आपल्या पायांनी घरी गेल्या. पण त्या दुपारी हे कुणालाच ठाऊक नव्हतं. त्या दुपारी एवढंच झालं, की पंप सावकाश, अगदी सावकाश थेंब सोडत राहिला, आणि भेटीची वेळ संपेपर्यंत त्या माउलीला आपल्या लेकीची पोटभर काळजी करता आली.